प्रदक्षिणा नको, एक किनारा पुरे

आइसलँडचा नकाशा उघडला की बेटाला वळसा घालणारा एक रस्ता ठळक दिसतो, आणि आपल्याकडच्या माणसाला तो दिसताक्षणी प्रदक्षिणेचा मोह होतो. क्रमांक एकचा हा रस्ता सुमारे 1,320 किलोमीटरचा आहे. 1974 मध्ये दक्षिणेकडच्या नद्यांवरचे शेवटचे पूल बांधून झाले आणि वर्तुळ पूर्ण झाले. आठवडाभराच्या सवडीत एवढे अंतर कापणे अशक्य मुळीच नाही. "रोजचे दोनशे किलोमीटर म्हणजे काय मोठंसं, ताई? चिपळूणहून पुण्याला एकदा जाण्याएवढं," असे माझ्या धाकट्या भावाने हिशेब मांडून सांगितले, तेव्हा मी त्याला आमच्याच अंगणात गाडी उभी करणाऱ्या पाहुण्यांची आठवण करून दिली.

गुहागर तालुक्यात आमचे घरगुती न्याहारी-निवास आहे. पुण्या-मुंबईहून येणाऱ्या पाहुण्यांपैकी निम्म्यांच्या फोनमध्ये एक यादी असते: सकाळी हेदवीचा दशभुजा गणपती, लगोलग बामणघळ, मग वेळणेश्वर, तवसाळहून फेरीबोटीने जयगड, वाटेत मालगुंडला केशवसुतांचे स्मारक आणि सूर्यास्ताला गणपतीपुळे. बामणघळ म्हणजे समुद्रालगतच्या काळ्या कातळाला पडलेली अरुंद, खोल चीर. भरतीची लाट तिच्यात शिरली की कोंडलेले पाणी वर उसळते आणि खडकावर उभ्या असलेल्या माणसाच्या डोक्यावरून जाते. हे पाहायचे तर भरतीची वेळ गाठावी लागते. यादीत मात्र बामणघळीची वेळ साडेदहा लिहिलेली असते, कारण अकराला वेळणेश्वर असते. भरती दुपारी आहे, तोवर थांबा, असे सांगितले तर पाहुणे अवघडून हसतात, ओहोटीतली कोरडी चीर पाहतात, फोटो काढतात आणि निघतात. वर्षानुवर्षे हा प्रकार पाहत आलेल्या घराने आइसलँडला जाऊन तेच करावे, हे मला पटण्यासारखे नव्हते.

म्हणून आम्ही दक्षिण किनारा धरला. राजधानी रेक्याविकपासून योकुल्सारलोन या हिमनगांच्या सरोवरापर्यंतचे अंतर सुमारे 375 किलोमीटर आहे. एवढेच जायचे आणि त्याच रस्त्याने परत यायचे. या पट्ट्यात एका हाताला समुद्र, दुसऱ्या हाताला हिमाच्छादित ज्वालामुखी आणि मधल्या सपाटीवर रस्ता, अशी रचना जवळजवळ अखंड आहे. आग आणि बर्फ दोन्ही एकाच रस्त्यावरून दिसावीत अशी इतकी सोयीची जागा त्या बेटावर दुसरी क्वचितच असेल. उत्तरेकडचे मिवात्न सरोवर, वायव्येकडचे फ्योर्ड, म्हणजे डोंगरांत शिरलेल्या अरुंद खाड्या, आणि मधल्या पठारावरची रंगीत डोंगरांची लांदमान्नालोयगार ही जागा आम्ही यादीतून काढली. यातले शेवटचे काढताना भावाचा चेहरा उतरला, आणि खरे सांगायचे तर माझाही. पण पठारावरच्या 'एफ' क्रमांकाच्या रस्त्यांवर चारही चाकांना गती मिळणारी गाडी कायद्याने बंधनकारक आहे, वाटेतल्या अनेक नद्यांवर पूल नाहीत, आणि नदी ओलांडताना इंजिनात पाणी गेले तर भाड्याच्या गाडीचा विमा सहसा तो खर्च उचलत नाही. पावसाळ्यात ओढ्याच्या फरशीवरून पाणी जाताना गाडी घालणारे लोक आम्ही पाहिलेले आहेत. त्यांच्यात सामील होण्याची हौस मला नाही.

इतक्या लांब जायचेच कशाला, हा प्रश्न आईने विचारला आणि तो रास्त होता. माझे उत्तर असे की, आपण ज्या दगडावर राहतो तो दगड होताना कसा दिसत असेल, हे मला पाहायचे आहे. सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वी, भारतीय भूखंड आज रीयुनियन बेटाखाली असलेल्या तप्त स्रोतावरून सरकत असताना, दख्खनचा लाव्हा बाहेर आला असे बहुतेक भूशास्त्रज्ञ मानतात. त्याचे आज उरलेले क्षेत्रच पाच लाख चौरस किलोमीटरच्या घरात आहे. शाळेच्या चित्रातल्यासारखे शंकूच्या आकाराचे एक तोंड आणि त्यातून उडणारा जाळ, असा तो प्रकार बहुतांशी नव्हता. जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि लाव्हा थरावर थर चढवत पसरत गेला. कुंभार्ली घाट चढताना समोरच्या कड्यावर आडवे पट्टे दिसतात, ते हेच थर. खाली किनाऱ्यावर याच काळ्या दगडावर अगणित पावसाळे बरसले, त्यातली सिलिका धुऊन गेली, लोह आणि ॲल्युमिनियम मागे राहिले, आणि आपला तांबडा जांभा तयार झाला. आमच्या घराच्या भिंतीतला प्रत्येक चिरा हा अशा तऱ्हेने कुजून लाल झालेला लाव्हा आहे.

आइसलँडचा दगड त्या मानाने अगदी कोवळा. तिथल्या सर्वांत जुन्या खडकांचे वय दीड कोटी वर्षांच्या आसपास भरते, आणि सर्वांत नवे खडक गेल्या काही वर्षांतले आहेत. उत्तर अमेरिकी आणि युरेशियाई भूपट्ट वर्षाला सरासरी दोन सेंटीमीटरच्या गतीने एकमेकांपासून दूर जातात, ती फट समुद्राच्या तळाशी असते. आइसलँडमध्ये ती जमिनीवर येते. थिंग्वेत्लिर येथे तिच्या काठाने चालत जाता येते, आणि याच ठिकाणी 930 पासून बेटावरच्या लोकांची सभा भरत असे. रेक्याविकहून तासाभराच्या अंतरावर असल्यामुळे ते आमच्या यादीत राहिले. क्लाउस्तुर गावाबाहेरचा एक लहानसा कातळही राहिला, ज्याच्यासाठी बहुतेक प्रवासी गाडी थांबवत नाहीत. तिथे गवतात षट्कोनी फरशा बसवल्यासारखी सपाट जमीन आहे. लाव्हा सावकाश निवताना आकसतो आणि त्याला आटलेल्या खाचरातल्या चिखलाप्रमाणे भेगा पडतात. त्या खोलवर उतरत गेल्या की दगडाचे उभे खांब होतात, आणि या फरशा म्हणजे त्या खांबांचे माथे आहेत. अंधेरीच्या गिल्बर्ट टेकडीवर असेच खांब उभ्या अंगाने दिसतात. मुंबईत नोकरी करताना तिच्या पायथ्याशी लागलेल्या झोपड्या आणि इमारती यांच्यामधून मी ते पाहिले आहेत, आणि त्यांचे माथे वरून पाहण्याची इच्छा तेव्हापासूनची आहे.

याच क्लाउस्तुरच्या मागे, डोंगरांच्या आत, लाकी आहे. 8 जून 1783 रोजी तिथे जमीन फाटली आणि सुमारे 27 किलोमीटर लांबीच्या रांगेत शंभराहून अधिक विवरे उघडली. आठ महिने लाव्हा वाहत होता. लाव्ह्याखाली सापडून माणसे फारशी मेली नाहीत. मारले ते वायूंनी. गंधकाच्या धुक्याने आणि गवतावर बसलेल्या फ्लोरीनने जनावरे गेली, मेंढ्यांपैकी बहुसंख्य मेल्या, आणि पाठोपाठ आलेल्या दुष्काळात देशातली सुमारे एक पंचमांश माणसे दगावली. क्लाउस्तुरचा धर्मोपदेशक योन स्टेनग्रिम्सन याने 20 जुलै 1783 च्या रविवारी, लाव्हा गावाच्या दिशेने सरकत असताना, चर्चमध्ये प्रवचन दिले. बाहेर येऊन पाहतात तो लाव्हा नदीच्या पात्रात अडून एकावर एक साचत होता आणि पुढे आला नाही. या माणसाचा मला आदर वाटतो तो त्या चमत्कारापेक्षा दुसऱ्याच कारणासाठी. त्याने सारा उद्रेक, वास, पावसाच्या थेंबांचा डाग, जनावरांच्या खुरांना आलेल्या गाठी, यांसह तपशीलवार लिहून ठेवला, आणि भेगांतून होणाऱ्या उद्रेकांचा अभ्यास करणारे आजही त्या वृत्तांताकडे वळतात. दख्खनच्या वेळी लिहून ठेवणारे कोणी नव्हते. तेव्हा जे घडले त्याची फार छोटी आवृत्ती माणसाच्या डोळ्यांदेखत घडली ती इथे, म्हणून क्लाउस्तुरला मुक्काम ठेवायचा हे मी पहिल्या दिवसापासून धरून ठेवले.

तारखांचा घोळ मात्र बराच चालला. आइसलँडचा उन्हाळा म्हणजे आपला पावसाळा. त्या काळात आमच्याकडे पाहुणे नसतात, ही मोठीच सोय. जूनमध्ये तिथे रात्र अशी होतच नाही, त्यामुळे दिवसाचे फिरणे संपतच नाही. पण जूनच्या सुरुवातीला आगोटीची कामे, मग पेरणी, जुलैत लावणी, आणि त्यानंतर गणपती. गणपतीत कोकणातला माणूस जगाच्या कुठल्याही कोपऱ्यातून घरी येतो, घरातून बाहेर जात नाही. विसर्जन आणि भातकापणी यांच्या मधली फट तेवढी हाती लागत होती. तेव्हा तिथे दिवस-रात्र जवळपास सारखी असते, रस्ते अजून मोकळे असतात, गर्दी ओसरलेली असते आणि आकाश निरभ्र असेल तर ध्रुवीय प्रकाश दिसण्याइतका काळोखही मिळतो. पफिन पक्षी ऑगस्टच्या मध्यालाच समुद्रावर निघून गेलेले असतात, ते गमवावे लागतील. आणि ही फट म्हणजे नेमका पितृपक्ष. आईने पंचांग चाळले, आजोबांची तिथी आम्ही निघण्याच्या आधी येते हे पाहिले, आणि प्रवास हे काही शुभकार्य नव्हे असा निर्वाळा देऊन विषय मिटवला. शेंगेन व्हिसाचा अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो आणि किमान 30,000 युरोंचा वैद्यकीय विमा लागतो; बोटांचे ठसे देण्यासाठी मुंबईची एक फेरी आहे. त्यात लिहिण्यासारखे आणखी काही नाही.

बर्फाच्या बाबतीत मी अधिक सावध आहे, कारण लाव्ह्याशी आपले काही नाते तरी सांगता येते, हिमनदीशी कोकणातल्या माणसाचा काडीचाही संबंध नाही. सोल्हेमायोकुल या हिमनदीच्या जिभेवर वाटाड्याबरोबर काही तास चालायचे ठरले आहे. बुटांना लोखंडी काटे, डोक्याला शिरस्त्राण, हातात कुदळीसारखी बर्फकाठी, हे सगळे तेच देतात. घोट्यापर्यंत येणारे जाड तळाचे बूट आपले हवेत. वाटाड्याशिवाय जाऊ नये यामागचे कारण साधे आहे: हिमनदी सतत सरकत असते, तिच्यातल्या भेगा आज इथे तर महिन्याने तिथे असतात, आणि पृष्ठभागावरचे पाणी ज्या विवरांतून आत कोसळते त्यांची तोंडे वरून निरुपद्रवी दिसतात. जवळच्या एका शाळेतली मुले 2010 पासून दर वर्षी या हिमनदीच्या टोकापर्यंतचे अंतर मोजत आली आहेत, आणि त्यांच्या मोजणीनुसार ते टोक शेकडो मीटर मागे गेले आहे. ज्या ठिकाणी पहिल्या वर्षी बर्फ होता तिथे आता खोल तळे आहे. पश्चिमेकडची ओक ही हिमनदी तर 2014 मध्ये हिमनद्यांच्या यादीतूनच वगळण्यात आली, आणि 2019 मध्ये तिच्या जागी एक स्मृतिफलक बसवण्यात आला.

निळ्या बर्फगुहांची छायाचित्रे पाहून भाची हट्टाला पेटली होती. त्या गुहा हिमनदीखालून वाहणारे पाणी कोरते, म्हणून त्या थंडीत, पाणी गोठलेले असताना, सामान्यतः नोव्हेंबर ते मार्च या काळात पाहण्याची रीत आहे. ऑगस्ट 2024 मध्ये ब्रेइदामेर्कुरयोकुल हिमनदीवर अशा एका सहलीत बर्फाची कड कोसळून एका पर्यटकाचा मृत्यू झाला. उन्हाळ्यात आणि शरदातही सहली विकणारे असतात, आणि त्यांतल्या काही योग्यही असतील. आम्ही तो विषय बंद केला.

आग आणि बर्फ वेगवेगळे पाहून झाले तरी या किनाऱ्याचे खरे रूप ते दोन्ही एकत्र येतात तेव्हा कळते. बर्फाखाली ज्वालामुखी जागा झाला की वितळलेले पाणी कोंडून राहते आणि एके दिवशी हिमनदीच्या पायथ्यातून लोंढा बाहेर पडतो. 1996 मध्ये वात्नायोकुल या विस्तीर्ण हिमनदीच्या बर्फाखाली उद्रेक झाला, आणि नोव्हेंबरच्या सुरुवातीला स्कायदारारसांदूरच्या काळ्या वाळूवर असा पूर आला की घराएवढे हिमखंड वाहत आले आणि पूल मोडून गेले. पिळवटलेल्या पोलादी तुळया आजही रस्त्याच्या कडेला ठेवलेल्या आहेत. वीक गावाच्या डोक्यावर मीरदाल्सयोकुल ही हिमनदी आणि तिच्याखाली कात्ला हा ज्वालामुखी आहे, ज्याचा शेवटचा मोठा उद्रेक 1918 मध्ये झाला. पुराचा इशारा आला तर टेकडीवरच्या चर्चकडे पळायचे, हे त्या गावातल्या मुलांनाही ठाऊक असते आणि त्याचा सराव करून घेतला जातो. 22 जुलै 2021 रोजी चिपळुणात वाशिष्ठीचे पाणी पहिल्या मजल्यापर्यंत चढले तेव्हा माझा भाऊ गच्चीवर होता; वीकच्या चर्चविषयी वाचून दाखवले तेव्हा एवढा वेळ रस्त्यांचे हिशेब करणारा तो पहिल्यांदा गप्प बसून ऐकत होता. तिथल्या मुक्कामाची जागा त्याने नंतर स्वतः बदलली आणि टेकडीजवळची घेतली.

वीकजवळची रेनिस्फ्यारा ही काळी पुळण अनेकांना माहीत आहे. तिथे लाटा एकसारख्या येत नाहीत. काही शांत लाटांनंतर एखादी अचानक फार आत घुसते आणि ओढून नेते. काही पर्यटकांचे जीव गेल्यानंतर तिथे लाटांच्या जोरानुसार धोक्याची पातळी दाखवणारे दिवे लावले आहेत. भाचीला मी एवढेच सांगितले आहे की उधाणाच्या दिवशी बामणघळीजवळ मी तिला जिथे उभी करते, त्याच्या दुप्पट मागे उभे राहायचे आणि समुद्राकडे पाठ करून फोटो काढायचा नाही.

वाऱ्याचा अंदाज मात्र मला अजून नीट आलेला नाही असे वाटते. निसर्ग चक्रीवादळाने 3 जून 2020 रोजी दापोली-श्रीवर्धनकडच्या बागा आडव्या केल्या, त्यामुळे वारा काय करू शकतो हे आपल्याला सांगावे लागत नाही. पण तो तिथे आठवड्याच्या कुठल्याही दिवशी उठतो. गाडीचे दार बेसावधपणे उघडले तर ते उलटे फिरून बिजागरीसकट वाकते, आणि हे नुकसान विम्यात बहुधा धरत नाहीत. वाळू आणि राख उडून रंग खरवडला गेला तर त्याचा विमा वेगळा घ्यावा लागतो. दिवसाही दिवे लावूनच गाडी चालवायची, डांबरी रस्त्यावर ताशी 90 आणि खडीच्या रस्त्यावर 80 ही मर्यादा, रस्ता सोडून गाडी घालणे हा गुन्हा. हवामान खाते आपल्याप्रमाणेच पिवळा, नारिंगी आणि तांबडा इशारा देते. नारिंगी इशारा असताना "म्हणजे नक्की पाऊस पडणार का?" असे फोनवर विचारणाऱ्या पाहुण्यांना मी जे उत्तर देते, ते तिथे मला कोणी देऊ नये म्हणून रोज सकाळी रस्त्यांची स्थिती पाहून मगच निघायचे असे ठरले आहे.

ज्वालामुखी प्रत्यक्ष पेटलेला दिसेल का, हे सगळेच विचारतात. रेक्यानेस द्वीपकल्प सुमारे 800 वर्षे शांत होते. मार्च 2021 मध्ये तिथे उद्रेक सुरू झाले, नोव्हेंबर 2023 मध्ये ग्रिंदाविक हे मासेमारीचे गाव रातोरात रिकामे करावे लागले आणि जानेवारी 2024 मध्ये लाव्ह्याने तिथली काही घरे गिळली. बंदर, होड्या, मासळीचे कारखाने असलेले ते गाव हर्णै-दाभोळसारखेच असणार. तिथल्या घरांवर आलेली वेळ हे आमच्या सहलीचे आकर्षण ठरवायला मन धजले नाही. केफ्लाविकचा विमानतळ याच द्वीपकल्पावर असूनही या उद्रेकांत चालू राहिला, कारण भेगांतून येणारा लाव्हा राख फारशी उडवत नाही. 2010 मध्ये एयाफ्यात्लायोकुल या बर्फाखालच्या ज्वालामुखीने युरोपची विमाने जमिनीवर बसवली, तेव्हा तप्त शिलारस बर्फाच्या पाण्याला भिडला होता आणि त्याची बारीक राख झाली होती. तसे पुन्हा झाले तर आमचा परतीचा दिवस आमच्या हातात नसेल, म्हणून परतल्याच्या दुसऱ्याच दिवशी घरात पाहुणे घ्यायचे नाहीत असे आईला सांगून ठेवले आहे.

खाण्याची चिंता तेवढी नाही. महागाई प्रचंड आहे, पण सुकवलेला हॅडॉक किंवा कॉड लोणी लावून खाण्याची तिथे पद्धत आहे, आणि सुक्या बोंबलावर वाढलेल्या माणसाला तो परका वाटू नये. भावाने गरी बरोबर घ्यायचा विचार केला होता. वापरलेले मासेमारीचे साहित्य निर्जंतुक केल्याशिवाय त्या देशात नेता येत नाही हे कळल्यावर ती पुन्हा माळ्यावर गेली.

आता वाद उरला आहे तो मधल्या मोकळ्या दिवसाचा. क्लाउस्तुरच्या मुक्कामात मी एक दिवस कोरा ठेवला आहे: वारा सुटला, पाऊस लागला, रस्ता बंद झाला किंवा एखादी जागा पुन्हा पाहावीशी वाटली तर त्यासाठी. भाऊ दर काही दिवसांनी त्यात काहीतरी लिहितो, मी खोडते. सगळेच बंद झाले तर दिवसभर करायचे काय, असे त्याने परवा विचारले. तिथे लहानशा गावातही गरम पाण्याचा सार्वजनिक पोहण्याचा तलाव असतो, तिथे बसायचे, असे मी म्हटले; संगमेश्वराजवळ तुरळच्या कुंडावर तासन् तास बसणाऱ्या माणसाला हे आवडायला हरकत नव्हती. मग मी त्याला नियम वाचून दाखवला, की तलावात उतरण्यापूर्वी सामाईक न्हाणीघरात अंगावर एकही कपडा न ठेवता साबणाने स्वच्छ आंघोळ करावी लागते, आणि यातून कोणालाही सूट नाही. पंचा चालेल का, हे विचारून घे म्हणाला. चालत नाही. त्याने मोकळ्या दिवसापुढे पुन्हा पेन्सिलीने काहीतरी लिहिले आहे, आणि मी अजून ते खोडलेले नाही.